कुंकू लागायच्या आत

तळणवाडीच्या सिंधुबाईंना कुणी विचारलं, की बाई, तुम्ही करता काय, तर त्या म्हणतात, “फुलं पोचवते.” बस्स. जणू पदरात बांधून शेजारच्या आळीत नेऊन द्यायची असावीत! पोचवायची म्हणजे वीस-बावीस घरांचे क्रेट पिकअपमध्ये रचायचे, वर ताडपत्री ताणून दोर आवळायचा, उजाडायच्या आत मुदखेड मागं टाकायचं आणि नांदेडच्या फूलबाजारात भाव फुटायच्या आधी गाडी लावायची. एवढं एकटीनं करायचं आणि वर हमालांनी “मावशी, डायवर कुठाय?” असं विचारलं, की त्यांच्या नाकासमोर किल्ली हलवायची.

माहेर त्यांचं किनवटकडचं, अगदी जंगलातलं. त्या गावात एसटी दिवसातून एकदा यायची, तीसुद्धा तिची लहर लागली तर. त्यामुळं चार चाकांचं कौतुक बाईंना लहानपणापासून. लग्नाची बोलणी चालली होती तेव्हा साऱ्यांनी नवऱ्या मुलाची जमीन किती, विहिरीला पाणी किती, हे विचारलं. सिंधुबाईंनी आत्याच्या कानाशी लागून विचारलं, “गाडी चालवतो म्हणतात, ती कोणती?” आत्यानं चिमटा काढला. पण लग्न जमलं ते त्या गाडीवरच, हे अजून त्या लाजत लाजत सांगतात.

नवरा शेषेराव हा सरळ माणूस. आधी दुसऱ्यांच्या गाड्या चालवल्या, मग पाच वर्षांमागं बँकेचं कर्ज काढून स्वतःची पिकअप घेतली. पाठीवर नाव घातलं लेकीचं, ‘ऋतुजा’. आमच्याकडं ही रीतच आहे. पोराबाळांचं नाव घरावर नसतं, सातबाऱ्यावर यायला तर आजा मरावा लागतो, पण गाडीच्या पाठीवर ते बारशानंतर लगेच चढतं. शेषेराव चालवायचे आणि सिंधुबाई शेजारी बसून क्रेटांकडं लक्ष ठेवायच्या. बसता बसता कोणत्या चढाला कोणता गिअर पडतो, हे त्यांच्या कानांनी शिकून घेतलं. मग एकदा मोकळ्या रानात शेषेरावांनी किल्ली हातात दिली आणि स्वतः धुऱ्यावर जाऊन उभे राहिले. जीव सगळ्यांनाच प्यारा असतो! पण गाडी पहिल्या झटक्यात चालली आणि बाई रानाला सात चकरा मारून मगच थांबल्या.

यंदा जूनमध्ये शेषेराव दोर बांधताना टपावरून खाली आले आणि मांडीचं हाड मोडलं. चार महिने पलंग. गाडी दारात, चालवणारी घरात, आणि लायसन नाही! सिंधुबाईंनी धावपळ करून कच्चं काढलं, महिना धरला, परीक्षेला गेल्या. तिथं रांगेत साडी नेसलेल्या त्या एकट्याच. साहेब म्हणाले, “काकू, स्कुटीची रांग तिकडं हाय.” बाई म्हणाल्या, “न्हाई साहेब, पिकअप.” साहेबांनी आठाचा आकडा काढायला लावला, बाईंनी उलटा-सुलटा दोन्ही काढून दाखवला. पण तोवर हप्ते थकले होते. पक्कं लायसन पोस्टानं घरी आलं सोमवारी आणि गाडी गेली गुरुवारी. ह्याला म्हणतात नशीब.

गेली तीही भर फूलबाजारातून. बँकेच्या वसुलीचे तिघं आले, पांढरे सदरे, हातात कागद. “बाई, मालकाला बोलवा.” “मालक तुमच्यापुढंच उभा हाय,” बाई म्हणाल्या. माणसं वाईट नव्हती. फुलं उतरेपर्यंत थांबली, पोलीस ठाण्याला कळवल्याचा कागद दाखवला, मग गाडीतल्या सामानाची यादी करायला बसली. जॅक एक, पाने चार, ताडपत्री एक, दोर दोन, स्टीलचा डबा एक, त्यात भाकरी दोन. “भाकर लिहू नका,” सिंधुबाई म्हणाल्या, “ती मी खाते.” आणि गाडी डोळ्यांसमोरून निघून जाईपर्यंत त्या बाजाराच्या पायरीवर बसून ती कोरडी भाकरी चावत राहिल्या. त्या म्हणतात, रडू नये म्हणून तोंडात घास ठेवला होता.

दुसऱ्या दिवशी दारात पहिली आली मनकर्णाबाई. वय सत्तरीपार, झेंडू अर्धा एकर, जीभ दोन एकर. पदराची गाठ सोडत म्हणाली, “दसऱ्याचं भाडं आताच घे. गाडी सोडीव.” तिच्यामागून एकेक करत बावीस घरं आली. दसऱ्याच्या फेरीचं भाडं, दिवाळीच्या फेरीचंही, जे ज्याला जमलं ते त्यानं आगाऊ दिलं. सिंधुबाई सुचलं ते बोलून गेल्या: “दसऱ्याचं फूल माज्याच गाडीनं जाईल. न्हाई गेलं तर मी ह्या वाडीत तोंड दावणार न्हाई.” भारावला, की माणूस असं काहीतरी बोलून जातो, आणि मग झोप उडते.

कारण दसऱ्याचा झेंडू ही चीजच तशी आहे. दसऱ्याच्या पहाटे त्याला सोन्याचा भाव आणि त्याच दिवशी दुपारी तो रस्त्यावर गुरं खातात. वर्षभराची मेहनत त्या एका पहाटेवर. आणि त्या दिवसांत भाड्याची गाडी शोधायला जावं, तर सगळ्या आधीच ठरलेल्या.

थकलेले हप्ते आणि दंड, सगळं भरून होईपर्यंत अष्टमी उजाडली. नांदेडच्या शाखेतले शिवशंकर साहेब सज्जन माणूस. पावतीवर शिक्का मारून म्हणाले, “गाडी लातूरच्या यार्डात आहे. उद्या सकाळी मी मेल टाकतो, तुम्ही तिकडं जाऊन ताब्यात घ्या. पण दोनच्या आत. उद्या यार्ड अर्धा दिवस, परवा दसऱ्याची सुट्टी.” सिंधुबाई नवमीला पहिल्या एसटीनं लातूरला निघाल्या. शेषेराव काठी टेकत शाखेत जाऊन बसले, मेल जाईपर्यंत साहेबांना आठवण द्यायला. नवराबायकोनं मोर्चे असे वाटून घेतले होते.

औसा रोडला, पत्र्याचं कंपाउंड, आत बाभळी आणि धुळीत उभ्या जप्त गाड्यांच्या दोन लांबच लांब ओळी. रिक्षा, टेम्पो, ट्रॅक्टर, जीपा, शाळेची एक पिवळी व्हॅनसुद्धा. सिंधुबाई गेटातून आत शिरल्या आणि मान उंच करून बघू लागल्या. दुसऱ्या ओळीच्या टोकाला, शेवटची, ऋतुजा! धावत जाऊन हात लावावासा वाटला, पण आधी कचेरी.

कचेरीत चष्मा कपाळावर ठेवून महांतेश नावाचे कारकून बसले होते. त्यांनी पावती पाहिली, चष्मा डोळ्यांवर घेतला, कॉम्प्युटर पाहिला, चष्मा परत कपाळावर नेला. “मेल आलेला नाही, ताई. मेल आल्याशिवाय गाडी सोडता येत नाही.”

“येतोय साहेब. आमचे मालक तिथंच बसून हायेत.”

“येऊ द्या की. आला की दहा मिनिटांचं काम.”

साडेअकरा वाजले होते. अडीच तास म्हणजे काय कमी झाले? बाई निवांत होऊन दारातल्या स्टुलावर टेकल्या, आणि तेवढ्यात त्यांनी पाहिलं, की एक म्हातारा हातात ताट घेऊन पहिल्या ओळीकडं चालला आहे. ताटात हळद, कुंकू, अक्षता, उदबत्त्या, झेंडूची फुलं. हे यार्डाचे राखणदार वीरण्णा, निलंग्याकडचे, कपाळावर विभूतीचे तीन पट्टे. त्यांनी पहिल्या रिक्षाला कुंकू लावलं, फूल वाहिलं, हात जोडले आणि दुसऱ्या रिक्षाकडं वळले.

सिंधुबाई ताडकन उठल्या. आज खंडेनवमी! शस्त्राची, अवजाराची, गाडीची पूजा. आणि एकदा का पूजा झाली, की दसऱ्यापर्यंत त्याला हलवायचं नाही, कामाला लावायचं नाही. नांगर असो की सुई.

“काका,” त्या धावत जाऊन म्हणाल्या, “ह्या सगळ्याच गाड्यांची पूजा करणार?”

“सगळ्या,” वीरण्णा म्हणाले. “नऊ वर्षं झाली.”

“पन ह्या तुमच्या न्हाईत की.”

“म्हणूनच की, अक्का. ज्याची आहे तो इथं इल्ला, नाही. मग नवमीला बिचारीनं तसंच उभं राहायचं काय?”

“आन माझी गाडी आज जाणार असंल तर?”

वीरण्णांनी मान हलवली. “कुंकू लागायच्या आधी मेल आला तर खुशाल ने. लागल्यावर नाही. कुंकू लावलेली गाडी मी आजवर गेटाबाहेर जाऊ दिली नाही. दसरा झाला की ये.”

ह्यावर दुसरी कुणी असती तर भांडली असती. पण सिंधुबाईंना भांडता येईना, कारण त्यांचंही म्हणणं तेच होतं! तीन वर्षांमागं पूजा झाल्यावर शेषेरावांनी गाडी नुसती वळवून सावलीत लावतो म्हणून हलवली होती. दुसऱ्याच आठवड्यात लोह्याच्या घाटावर टायर फुटलं, तेव्हापासून बाई नवमीला किल्ली स्वतःच्या कमरेला खोचून ठेवत. आता काय करता!

त्यांनी फोन लावला. “अवं, मेल गेला का?”

पलीकडून घंटेचा आवाज आला. “अगं, साहेब आरतीला उभे हायेत,” शेषेराव कुजबुजले.

“बँकेत आरती?”

“नवमी न्हाई का! समद्या कॉम्प्युटरला हार घातलेत. कुंकू लावलंय. पेढे वाटून राहिलेत.”

“आन मेल?”

पलीकडं जरा वेळ काही बोलणं ऐकू आलं. मग शेषेराव रडवेल्या आवाजात म्हणाले, “साहेब म्हनतेत, सकाळपासून लाइन न्हवती म्हणून मेल राहिला. आन आता पूजा झाली. पूजा झालेल्या मशिनीला आज बोट लावायचं न्हाई म्हनतेत.”

म्हणजे लातूरला कुंकू लागायचं राहिलं होतं म्हणून आशा होती आणि नांदेडला लागून बसलं होतं म्हणून खोळंबा! देवानं एका दिवशी एका बाईची किती थट्टा करावी?

“हे बघा,” सिंधुबाई फोनमध्ये ओरडल्या, “तुमी तिथून उठायचं न्हाई. पाय प्लास्टरात हाय म्हणावं, उठताच येत न्हाई!”

फोन पदराला खोचून त्या वळल्या. वीरण्णा सातव्या रिक्षापाशी पोचले होते. ह्या चालीनं तासाभरात ते शेवटच्या गाडीला भिडणार. गाडीमागं मिनिटसुद्धा लावत नव्हते म्हातारबुवा! सिंधुबाई झपाझप त्यांच्यापाशी गेल्या आणि अगदी मधाळ आवाजात म्हणाल्या, “काका, किती वाकता. गुडघे दुखत असतील. द्या ते ताट, मी करते.”

वीरण्णांनी त्यांच्याकडं पाहिलं. मग ताट दिलं. “कर. बाईच्या हातची पूजा वेगळीच.”

आणि मग सिंधुबाईंनी अशी पूजा आरंभली, की देवळातला पुजारीही हात टेकेल. आधी तांब्याभर पाणी आणून गाडीचं तोंड धुवायचं. मग फडक्यानं पुसायचं. मग मागं जाऊन पाठ पुसायची. मग हळद, मग कुंकू, मग अक्षता, त्याही मोजून पाच वेळा. उदबत्ती सात वेळा ओवाळायची. मग डोळे मिटून हात जोडायचे आणि ते किती वेळ मिटलेले ठेवायचे, हा ज्याच्या त्याच्या भक्तीचा प्रश्न! एका रिक्षाला सहा मिनिटं. वीरण्णा पाणी आणून देत होते आणि काही बोलत नव्हते.

पण गंमत अशी झाली, की पाठ पुसली की धुळीखालून नावं निघू लागली. रुद्रेश. श्रीमंत. एका टेम्पोवर ‘भारत – राजकन्या’, बहीणभाऊ असावेत. शाळेच्या व्हॅनच्या मागं कोपऱ्यात बारीक अक्षरात ‘ज्ञानेश्वरी’. प्रत्येक नाव म्हणजे कुणाचं तरी लेकरू, आणि त्याच्यावर बोटभर धूळ. पहिल्या चार-पाच गाड्या बाईंनी वेळ काढायला पुसल्या. पुढं त्या खरंच पुसू लागल्या, नखानं अक्षरांच्या खाचांतली माती काढू लागल्या. “माय गं, तुलाबी न्यावं कुणीतरी,” असं त्या ज्ञानेश्वरीला म्हणाल्यासुद्धा. लबाडीनं सुरू केलेलं काम त्यांना लबाडीनं करता येईना.

साडेबारा झाले. फोन वाजला.

“सिंधु!” शेषेरावांचा आवाज उंच चढला होता. “इथं शिपाई हाय एक, पिराजी म्हणून. त्यो म्हनला, साहेब, मागच्या खोलीतली जुनी मशीन राहिली की! तिला कुणी हळद लावली न्हाई, कुंकू लावलं न्हाई!”

“मग?”

“मग साहेब म्हनले, तिला हात लावायला हरकत न्हाई. आता चालू करून राहिलेत!”

“झाली का चालू?”

“गोल फिरून राहिलंय.”

“काय फिरून राहिलंय?”

“गोल! मशिनीवर गोल फिरतंय. साहेब म्हनतेत फिरू द्या.”

सिंधुबाईंनी पुढच्या ट्रॅक्टरला दोन तांबे पाणी घातलं. मोठी चाकं, तेवढीच मोठी पूजा. पण मघाशी भराभर झालेल्या रिक्षा, आणि मध्ये ‘जरा हात चालव अक्का, कचेरी बंद होते’ म्हणत वीरण्णांनी स्वतः उरकलेल्या दहाबारा गाड्या, ह्यांनी घात केला होता. दुसरी ओळ अर्धी सरली होती. एक वाजून दहा मिनिटं. पुढं नऊ गाड्या आणि मग ऋतुजा.

“चालू झाली!” फोन. “पन साहेबाचा पासवर्ड चुकला.”

“परत टाका म्हणावं!”

“दोनदा टाकला. तिसऱ्यांदा चुकला तर बंद पडती म्हनतेत. साहेब घाम पुसून राहिलेत. समदी बँक मागच्या खोलीत जमली. पेढेवालाबी.”

सहा गाड्या. चार गाड्या. कुंकू नको तिथं सांडत होतं. ताट पालथं करावं का, असा विचार मनात येऊन गेला. तो त्यांनी तिथंच दाबला, नवमीचं ताट सांडायचं पाप कुणाच्या डोक्यावर? एक जीप. एक छोटा हत्ती. दोन उरल्या. त्याही झाल्या. फोन गप्प. पावणेदोन वाजून गेले आणि त्या ताट घेऊन स्वतःच्याच गाडीपुढं उभ्या राहिल्या.

महिनाभर उन्हात उभी होती ती. काचेवर पाखरांची घाण, पाठीवर धूळ. सिंधुबाईंनी काच पुसली, पाठ पुसली. ‘ऋतुजा’ अक्षर अक्षर निघालं. आता हळद. त्यांनी चिमूट उचलली आणि ती बोटांतच राहिली. गाडी घेतल्यापासून एक नवमी चुकली नव्हती. लावावं, तर बावीस घरांचा झेंडू उद्या गुरं खाणार आणि आपण कोणत्या तोंडानं वाडीत जाणार? न लावावं, तर वर्षभर प्रत्येक वळणावर जीव मुठीत. मागं वीरण्णा उभे. समोर लेकीचं नाव.

सिंधुबाईंनी चिमूट ताटात टाकली, ताट जमिनीवर ठेवलं आणि वळल्या. “काका, हिला आज पूजा न्हाई.”

“काय बोलतेस, अक्का?”

“हिला काम हाय. मेल येवो न येवो, मी कुंकू लावणार न्हाई आन लावू देणार न्हाई. माझ्या भरवशावर बावीस घरांनी फूल तोडलंय. देवाला राग येणार असंल तर माझ्यावर येऊ दे म्हणावं, हिच्यावर नको.” मग आवाज खाली आला. “आन काका, मी तुमाला फशिवलं. मुद्दाम हळू केली पूजा.”

“ते मला तिसऱ्या रिक्षालाच कळलं,” वीरण्णा म्हणाले.

“मग बोलले काहून न्हाई?”

“पूजा चांगली चालली होती.”

तेवढ्यात कचेरीच्या दारात महांतेश चष्मा हातात घेऊन नाचत असल्यासारखे दिसले. “आला! ताई, मेल आला! ऋतुजाचा मेल आला!”

पुढच्या दहा मिनिटांत काय काय झालं, हे बाईंना नीट आठवत नाही. चेसिस नंबर महांतेशनी ओरडून वाचला, बाईंनी ओरडून हो म्हटलं. चार ठिकाणी सह्या केल्या, एक चुकीच्या ओळीवर. जॅक, पाने, ताडपत्री, दोर, डबा, सगळं यादीबरहुकूम मिळालं. किल्ली फिरवली तर गाडी ढिम्म! महिनाभर उभी राहून बॅटरी उतरलेली. “ढकला!” बाई आतून ओरडल्या. पासष्टीचे वीरण्णा, कचेरीतले महांतेश आणि गेटासमोरचा चहावाला, तिघांनी खांदे लावले. एकदा गचका, दोनदा गचका, तिसऱ्यांदा काळा धूर सोडून ऋतुजा जी धडधडली, की बाभळीवरचे कावळे उडाले. सिंधुबाईंच्या तोंडून आपोआप निघालं, “चल माय!”

गाडी गेटापाशी आली तर वीरण्णा आडवे. हात वर. आता आणखी काय?

वीरण्णा ताट घेऊन खाली वाकले. गेटाच्या बाहेर, जिथं यार्डाची माती संपून डांबर सुरू होतं, तिथं त्यांनी हळद ओढली, कुंकू ओढलं, एक फूल ठेवलं. बाजूला नारळ फोडला आणि खोबऱ्याचा तुकडा खिडकीतून बाईंच्या हातात दिला.

“रस्त्याची पूजा केली, अक्का,” ते म्हणाले. “ज्याला कुंकू लागलं त्यानं आज जागचं हलायचं नाही. आता हा रस्ता उद्यापर्यंत इथंच थांबतो. तू पळ.”

सिंधुबाई पळाल्या. चाकूर, अहमदपूर, लोहा. रस्ताभर उभ्या असलेल्या सगळ्या गाड्यांच्या गळ्यात हार होते, कपाळी कुंकू होतं, आणि त्यांच्यामधून ही एकटी उघड्या कपाळाची धावत होती. पंपावरच्या माणसानं विचारलं, “मावशी, आज गाडी बाहेर काढली?” बाई म्हणाल्या, “सुटून आलीय, भाऊ!” त्यानं काही न समजून टाकी भरली. लोह्याच्या घाटावर त्यांनी गाडी थांबवली, उतरून चारही टायर हातांनी दाबून पाहिले, मग पुन्हा बसल्या. काचा उतरवल्या आणि चक्क गाणं म्हटलं. गळा त्यांचा यथातथाच, पण ऐकायला होतं कोण!

दिवे लागायच्या सुमाराला गाडी तळणवाडीच्या पारापाशी वळली. रस्त्याच्या दोन्ही अंगांना क्रेट रचलेले. शेंदरी, पिवळे, नुसते ढीग. बावीस घरची माणसं क्रेटांवर, दगडांवर बसलेली. गाडी दिसताच ऋतुजा पळत आली, बारावीतली पोर, पण लहानगीसारखी पायरीवर चढून खिडकीला लोंबकळली. “आई, तुला म्हाईतय का, दुपारी एक व्यापारी रिकामा टेम्पो घेऊन आला होता! जागेवर रोख देतो म्हनला, समदं फूल आत्ताच उचलतो म्हनला.”

सिंधुबाईंचे हात स्टिअरिंगवर थांबले. “किती वाजता?”

“बारा वाजले असतील.”

बारा वाजता त्या पहिल्या ओळीत होत्या. नांदेडला कॉम्प्युटरच्या गळ्यात हार होते, जुन्या मशिनीची कुणाला आठवणही नव्हती. बारा वाजता ही गाडी सुटेल, असं ब्रह्मदेवानंही सांगितलं नसतं. त्या उतरल्या आणि सरळ मनकर्णाबाईपुढं जाऊन उभ्या राहिल्या.

“मावशी, दिलं काहून न्हाई त्याला? गाडी येती का न्हाई, हे तवा कुठं म्हाईत होतं?”

“न्हवतंच म्हाईत,” म्हातारी म्हणाली.

“मग काय सांगितलं त्याला?”

“काय सांगायचं? आमची गाडी लातूरला गेलीय, येऊन राहिली म्हनलं. जा तू.”

महिन्याभरात आलं नव्हतं ते पाणी सिंधुबाईंच्या डोळ्यांत भरून आलं, आणि ह्या वेळी तोंडात भाकरीचा घासही नव्हता. त्या तशाच गाडीच्या मागं गेल्या, दोन्ही हातांनी फाळका खाली पाडला आणि म्हणाल्या, “भरा.”